लेण्यात पाजलेलं पाणी

ही गोष्ट माझ्या वडिलांची आहे, आणि ते आजही हयात आहेत. म्हणून आधीच सांगते, यात मी पदरचं काही घातलेलं नाही. विश्वास ठेवायचा की नाही, ते तुमचं तुम्ही ठरवा.

यात रात्र नाही. स्मशान नाही, अमावस्या नाही. जे घडलं ते मागच्या वर्षी, फेब्रुवारी संपता संपता, एका रविवारी भर दुपारी घडलं.

आमच्या परभणी जिल्ह्यातच, डोंगराच्या एका सोंडेवर जुनी बौद्ध लेणी आहेत. गावाचं नाव मुद्दाम लिहीत नाही. वाचून लोक तिथं जायला लागतील, आणि ते मला नको आहे.

माझे वडील अप्पाराव. घरात आम्ही सगळे त्यांना अप्पाच म्हणतो. कचेरीत कारकून होते, आता रिटायर. आई आणि ते सेलूला राहतात. मी लग्नानंतर परभणीत. अप्पांना जुन्या जागा बघायचा नाद, आणि दुसरा नाद पाण्याचा. हसू नका. सकाळी उठल्या उठल्या तांब्याभर पाणी, जेवताना तांब्याभर, झोपताना उशाशी तांब्या. आई म्हणायची, यांना भाकरी नसली तरी चालंल, पाणी पाहिजे.

परभणीचे सूर्यभान म्हणून एक गृहस्थ आहेत. ते रविवारी गाडी करून लोकांना जुन्या जागा दाखवायला नेतात. मी अप्पांचं, आईचं आणि माझं नाव दिलं. सकाळी एका शेतातला स्तूपाचा ढिगारा बघितला. नुसती विटांची टेकडी, पण अप्पा तिच्याभोवती तीनदा फिरले. मग एक पडका विहार. दुपारी लेण्यांच्या पायथ्याशी पोचलो. तिथं सरजाबाई नावाच्या गावातल्याच एक बाई सहलीच्या लोकांसाठी भाकऱ्या थापत होत्या. आईचे गुडघे दुखतात, म्हणून ती त्यांच्यापाशीच सावलीत बसली.

पाण्याची बाटली आईच्या पिशवीत राहिली.

वर पोचेपर्यंत ऊन डोक्यावर आलं होतं. सूर्यभान माहिती सांगत होते. हा चैत्य, इथं भिक्खू बसायचे, या त्यांच्या खोल्या, हे पाण्याचं टाकं. टाकं कोरडं ठाक होतं. तळाला वाळका पाला आणि भेगाळलेला गाळ.

चैत्यात आम्ही थोडा वेळ शांत बसलो. कुणीतरी मेणबत्ती लावली. डोळे उघडले तेव्हा माझ्या शेजारची जागा रिकामी होती.

अप्पा नव्हते...

आधी वाटलं, बाहेर फोटो काढत असतील. बाहेर नव्हते. हाका मारल्या. उत्तर नाही. डोंगरावर वारा होता, पाखरं होती. पण हाक मारली की तेवढ्यापुरतं सगळं गप्प व्हायचं. पाखरंसुद्धा.

शेवटी अगदी टोकाच्या खोलीबाहेर त्यांच्या चपला दिसल्या. उंबऱ्याशी नीट जोडून ठेवलेल्या.

मी आत डोकावणार, तेवढ्यात आतून आवाज आला...

गट... गट... गट...

कुणीतरी घाईघाईनं पाणी पीत होतं.

अप्पा वाकून बाहेर आले. मिशा ओल्या. सदऱ्याच्या बाह्या कोपरापर्यंत भिजलेल्या. चेहऱ्यावर असं समाधान की मी रागवायचंच विसरले.

"काय गार पाणी हाय गं," ते म्हणाले. "बाईनं पोटभर पाजलं."

मी आत बघितलं. दगडी ओटा, मागं सरळ कातळ. दुसरं दार नाही, खिडकी नाही. कुणी नाही. जमिनीवरची धूळ कोरडी होती. फक्त अप्पांच्या पावलांच्या ठशांपाशी थेंब पडलेले.

सूर्यभाननी टॉर्च मारून आत पाहिलं. मग सगळ्यांना खाली घेऊन निघाले. राहिलेली दोन लेणी त्यांनी दाखवलीच नाहीत.

जेवताना अप्पांनी सरजाबाईंना विचारलं, वर पाणी घेऊन कोण बसतं? सरजाबाईंचा भाकरी थापायचा हात थांबला.

"तुमी मागितलं का तिला पाणी?" त्यांनी विचारलं.

अप्पा म्हणाले, नाही. तिनंच विचारलं, तहान लागली का. अंधारात तोंड दिसलं नाही, घागर धरलेले हातच दिसले. मी ओंजळ पुढं केली, तिनं वरूनच ओतलं.

"वरूनच?"

"हां. लय वरून."

सरजाबाई परत भाकरी थापायला लागल्या. आईनं खोदून विचारलं, तर म्हणाल्या की आमी वर जात न्हाई, आमाला काय ठाऊक. अप्पांच्या ताटाजवळ पाण्याचा पेला भरलेला होता. जेवण झालं तरी तो तसाच होता.

मी ते पाहिलं. पण तेव्हा काही वाटलं नाही.

आठवड्यानं आईचा फोन आला. आवाज दबका. तुझे अप्पा पाणी प्यायला तयार नाहीत, म्हणाली. उशाशी ठेवलेला तांब्या सकाळी भरलेलाच. जेवताना घोट नाही. चहासुद्धा सोडला. विचारलं की म्हणतात, मला तहानच न्हाई.

मी तशीच सेलूला गेले. अप्पा ठणठणीत होते. ओठ मऊ, डोळ्यांत तेज. उलट तब्येत सुधारल्यासारखी. डॉक्टरांना दाखवून आणलं, त्यांनाही काही सापडलं नाही. मला वाटलं, आई उगाच घाबरायलीय. हे चोरून पीत असतील.

दुपारी मी स्वयंपाकघरात होते. आमच्या घरामागं अंगण आहे, कडुनिंबाखाली एक ओटा. तिकडून आवाज आला.

गट... गट... गट...

मी मागच्या दारात आले.

अप्पा ओट्याजवळ वाकून उभे होते. दोन्ही हातांची ओंजळ तोंडाला लावलेली. गळ्याची घाटी वरखाली होत होती.

समोर कुणीच नव्हतं...

पण त्यांच्या कोपरांवरून पाणी गळत होतं. फरशीवर टपटप पडत होतं. मी डोळ्यांनी पाहिलंय. आणि त्या भर उन्हात अंगणात लेण्यातला वास आला. बंद दगडाचा, वटवाघळांचा.

"काय करायलात अप्पा?" माझ्या तोंडून कसंबसं निघालं.

त्यांनी ओंजळ खाली केली. माझ्याकडं न बघता, समोरच्या रिकाम्या जागेकडं बघून हसले.

"पोरगी हाय माझी," ते म्हणाले.

त्यांनी माझी ओळख करून दिली होती.

मी आईला धरून आत बसले. फरशीवरचं पाणी वाळेपर्यंत आम्ही दोघी तिथून उठलो नाही. संध्याकाळी माझे मिस्टर परमेश्वर आले. त्यांचा असल्या गोष्टींवर विश्वास नाही. तरी ते म्हणाले की अप्पांना इथून हलवू, परभणीला नेऊ. आमचा फ्लॅट तिसऱ्या मजल्यावर. अंगण नाही, ओटा नाही. आईलाही ते पटलं.

अप्पा यायला तयार नव्हते. एकच म्हणत राहिले, "ती तिथं कशी यायची?"

आम्ही त्यांना जवळजवळ ओढूनच आणलं.

दुसऱ्या दिवशी दुपार झाली तसे अप्पा घरभर फिरायला लागले. बाल्कनीत जायचे, खाली वाकून बघायचे, परत यायचे. दार उघडा, म्हणायचे. परमेश्वरनी दाराला कुलूप लावलं होतं. आईनं पाण्याचा पेला त्यांच्या ओठाला लावला. पाणी आत जाईना. दोन्ही बाजूंनी ओघळून गळ्यावर आलं.

दुपार उलटली.

आणि आमच्या डोळ्यांदेखत माणूस वाळायला लागला...

आधी ओठ फुटले. मग डोळे आत गेले. जिभेला कोरड पडून बोलता येईना. हाताची कातडी चिमटीत धरली तर तशीच उभी राहायची. रिक्षात घातलं तेव्हा त्यांचं वजन लहान पोराएवढं लागलं.

दवाखान्यातल्या डॉक्टरांनी तपासलं आणि आमच्यावरच चिडले. "या माणसाच्या पोटात कित्येक दिवस पाणी गेलेलं नाही. तुम्ही काय करत होता घरात?"

सलाईन लावलं. बाटल्या संपत गेल्या, पण जीभ कोरडीच. डॉक्टर पुन्हा पुन्हा सुई तपासत राहिले. पहाटे अप्पांनी आईचा हात धरला. आवाज नव्हता, नुसते ओठ हलले.

"विमला, घरी ने."

आईनं कुणाचंच ऐकलं नाही. आयुष्यात पहिल्यांदा तिला मी जावयासमोर आवाज चढवताना पाहिलं. डॉक्टर नको नको म्हणत असताना कागदांवर सही करून तिनं अप्पांना गाडीत घातलं. सेलूपर्यंतच्या रस्त्यात त्यांचं डोकं तिच्या मांडीवर होतं, आणि ती सारखी त्यांच्या छातीवर हात ठेवून बघत होती.

दुपारी आम्ही दोघींनी धरून त्यांना ओट्याजवळ बसवलं. ओंजळ त्यांना करता येईना. आईनंच त्यांचे दोन्ही हात जुळवून धरले.

आम्ही थांबलो.

पानही हलत नव्हतं.

मग वास आला...

आणि आईनं धरलेल्या ओंजळीत पाणी चढायला लागलं. वरून. गार. आईच्या बोटांमधून ते झिरपलं, तशी ती शहारली. पण तिनं हात सोडले नाहीत. अप्पा पीत राहिले, पीत राहिले. माझ्यासमोर त्यांच्या ओठांवर रंग आला.

मी पळून जायच्या तयारीत होते. आई मात्र जागची हलली नाही. थोड्या वेळानं तिनं मान वर केली, जिथं कुणीच नव्हतं तिकडं, आणि पदर सावरला.

"बाई," ती म्हणाली, "तुमी माझा माणूस जगवला. तुमी कोण, ते सांगा. तुमाला काय पाहिजे?"

काही आवाज आला नाही. मला तरी नाही.

पण अप्पा ऐकत होते. मान तिरकी करून, बराच वेळ. ऐकता ऐकता त्यांचा चेहरा बदलत गेला. मग ते रडायला लागले. माझ्या वडिलांना मी तोपर्यंत रडताना पाहिलं नव्हतं.

आईनं विचारलं, काय म्हणाली?

"म्हणती, मी बी मागितलं होतं," अप्पा म्हणाले. "लय मागितलं. हातात घागर होती, पर भरू दिली न्हाई कुणी."

कुणी भरू दिली नाही, कधीची गोष्ट, कुठली... अप्पांनी विचारलं नाही. आम्हीही नाही.

आई उठली. घरातला तिचा स्वतःचा तांब्या घासून आणला, काठोकाठ भरला आणि ओट्यावर ठेवला. वरून ओतला नाही. ठेवला, हात जोडले आणि आम्हाला घेऊन आत आली. मागचं दार लावून घेतलं.

त्या रात्री जेवताना अप्पांनी हात लांब करून पेला उचलला आणि ते गटागटा पाणी प्यायले. नेहमीसारखं. आई पदरानं डोळे पुसत वाढत राहिली.

ओट्यावरचा तांब्या रिकामा होता.

त्यानंतर अप्पा कधी अंगणात ओंजळ करून उभे राहिले नाहीत. त्यांची तहान परत आली. सगळं सुरळीत झालं, असं मी लिहिलं असतं, आणि ही गोष्ट इथंच संपली असती.

पण आई रोज दुपारी पाणी ठेवायची. दिवाळीला गेले तेव्हा ओट्यावर तांब्या नव्हता. कळशी होती. मी विचारलं, तर म्हणाली की तांब्या पुरेना. संक्रांतीला गेले तेव्हा घागर होती.

आता दोन घागरी असतात. आणि एक रांजण.

मागच्या महिन्यात मी दुपारी तिथंच होते. मागचं दार लावलेलं. आई-अप्पा जपमाळ घेऊन बसल्यासारखे गप्प बसले होते. मी दाराला कान लावला.

आधी पाण्यात भांडं बुडल्याचा आवाज आला.

मग पावलं... अनवाणी...

एक आलं, थांबलं, गेलं. दुसरं आलं. मग तिसरं, लंगडत. एक अगदी हलकं, लहान मुलाचं असावं. कुणी बोलत नव्हतं. ढकलाढकली नव्हती. फाटकापासून ओट्यापर्यंत पावलं एकामागं एक येत राहिली.

त्या बाईनं बाकीच्यांना सांगितलं होतं.

अप्पा मला म्हणाले की घाबरू नको, त्यांना फक्त पाणी पाहिजे. मी मान हलवली. पण परभणीला परत येताना बसमध्ये माझ्या मनात एकच गोष्ट फिरत होती. अप्पांना एक दुपार पाणी मिळालं नाही, तर संध्याकाळपर्यंत त्यांचं काय झालं होतं, ते मी पाहिलंय.

यंदा ऊन लवकर तापलं आहे. आज सकाळी आईचा फोन आला. म्हणाली, घरचं बोअर आटलं. रांजणाचा तळ दिसायलाय. टँकरवाल्याला सांगितलंय, तो येतो म्हणालाय, पण कधी ते सांगितलं नाही.

तेवढ्यात मागून अप्पांचा आवाज आला. ते कुणाला तरी समजावत होते, जरा दम धरा म्हणून.

मी आईला विचारलं, अप्पा कुणाशी बोलायलेत?

तिनं फोन ठेवला. आता उचलत नाहीये.

दुपार व्हायला आली आहे.