राजदूतांना आलेली धमकी

"उद्या सत्काराला गेलात, तर मुलीला आज शेवटचं बघून घ्या." निवृत्त राजदूतांना फोनवर अशी धमकी आली होती, आणि ती मुलगीच सकाळी वहिनींकडे धावत आली होती.

वहिनी खासगी तपास करायच्या. धाकटा दीर कायम बरोबर असायचा. गाडी चालवणं आणि भलत्याच माणसावर संशय घेणं, ही दोन कामं भावोजी मन लावून करत.

राजदूत दिवाणखान्यात ताठ बसले होते. तीस वर्षांपूर्वी परदेशात बंडखोरांनी ओलीस धरलेले खलाशी त्यांनी सोडवून आणले होते. सत्कार त्याचाच होता.

"फोन आला तेव्हा काय करत होता?" वहिनींनी विचारलं.

"दाढी. उजव्या गालाला साबण होता, म्हणून रिसीव्हर डाव्या कानाला लावला. माणूस अगदी कुजबुजत बोलला."

वहिनी उठून त्यांच्या डावीकडच्या खिडकीपाशी गेल्या. "आवाज ओळखीचा वाटला?"

राजदूत समोरच बघत राहिले. उजवीकडून मुलीने तोच प्रश्न विचारला.

"नाही," ते लगेच म्हणाले.

नको तो प्रश्न टोलवायची जुनी सवय, भावोजींच्या मनात आलं.

जावई स्वयंपाकघरात धुसफुसत होता. "सासऱ्यांच्या मानपानात आमची सुट्टी गेली. आता पोलीस येणार, चौकशा होणार." भावोजींनी त्याच्यावर डोळा ठेवला.

तेवढ्यात राजदूतांचा त्या वेळचा दुभाषी आला. तो बंडखोरांच्याच मुलखातला. सुटकेनंतर इकडे आला आणि इथलाच झाला. तो न विचारता राजदूतांच्या उजवीकडे बसला.

"तेव्हा तुम्हीही होता?" वहिनींनी विचारलं.

"हो. खलाशांना कोंडलं होतं तिथे आत अंधार होता. एक खलाशी तापाने फणफणला होता, त्याला मी पाणी पाजलं."

"आणि साहेब?"

दुभाषी अडखळला. "साहेबही... होतेच."

भावोजींचा संशय जावयावरून उठला आणि दुभाष्यावर जाऊन बसला. वहिनींनी मात्र जावयालाही दिवाणखान्यात बोलावलं आणि दार लावून घेतलं.

"फोन आलाच नाही," त्या म्हणाल्या. "राजदूतसाहेब, तुम्हाला डाव्या कानाने ऐकू येत नाही. माझा प्रश्न तुम्ही टाळला नाहीत, तो तुमच्यापर्यंत पोचलाच नाही. या दुभाष्यांना ते ठाऊक आहे, म्हणून हे उजवीकडे बसले. मग कुजबुजलेली धमकी त्याच कानाने कशी ऐकलीत?"

"बाबा?" मुलगी पुटपुटली.

"सत्कार चुकवायचा होता. कारण तेव्हा बंडखोरांकडे आत हे दुभाषी एकटेच गेले होते. बरोबर?"

राजदूतांनी चष्मा काढून हातात धरला. "याचं नाव फुटलं असतं, तर तिकडे राहिलेल्या याच्या बहिणीला बंडखोरांनी जिवंत सोडलं नसतं. म्हणून श्रेय मी घेतलं. उद्या हा पहिल्या रांगेत बसणार. याच्यासमोर खोटं बोलवत नाही, आणि खरं सांगता येत नाही."

"आजारपणाचं कारण सांगायचं," जावई म्हणाला.

"पुढची तारीख दिली असती."

मुलगी उठून खिडकीशी गेली. सकाळपासून तिचा जीव टांगणीला लागला होता. वडिलांकडे तिने पाहिलं नाही.

मग दुभाषी म्हणाला, "बहीण गेल्या वर्षी वारली, साहेब. तिच्यामागे तिकडे आता कुणी नाही."

"मला सांगितलं नाहीस?"

"सांगितलं असतं, तर तुम्ही गावभर माझं नाव केलं असतं."

"ते करणारच. उद्या तूच बोल."

दुभाष्याने हातावर हात चोळले. "जन्मभर दुसऱ्यांचंच बोलत आलो. स्वतःचं बोलायला जमेल का, कुणास ठाऊक."