सोमारीच्या नावावर चार किलो

भरवसा कोणावर ठेवावा, सांगा बरं? काट्यावर, कागदावर, की समोर उभ्या माणसाच्या तोंडावर? चामोर्शीचे गुणवंतराव म्हणायचे, काटा मारता येतो, कागद फाडता येतो आणि माणूस म्हणजे जावई, सकाळी गोड तर सायंकाळी आंबट. म्हणून मोहफुलांच्या व्यापारात त्यांनी वडिलांचा एक नेम सोडला नव्हता. आधी माल देणाऱ्याचं नाव वहीत लिहायचं, मग वजन, मग पैसे. शेवटच्या रकान्यात, पैसे पोचल्याची खूण म्हणून, देणाऱ्याचा अंगठा.

तीन वर्षांपूर्वीच्या चैत्रातली गोष्ट. गुणवंतराव रिकामी पिकअप घेऊन मोह वेचून विकणाऱ्या पत्रूभाऊच्या जंगलातल्या गावी माल आणायला निघाले होते. भर दुपार. सागाची झाडं उघडी पडलेली, रस्त्याच्या दोन्ही बाजूंना गुडघाभर वाळला पाचोळा. मोहाचा तो जड, गोडसर, थोडा आंबूस वास काचा बंद केल्या तरी आत येत होता. एका वळणावर त्यांच्या ध्यानात आलं की, बऱ्याच वेळापासून एकही पाखरू बोललेलं नाही.

तिथंच मोहाखाली एक बाई उभी होती. विशीतली, डोक्यावर टोपली. हात केला तशी गुणवंतरावांनी गाडी थांबवली आणि काटा काढला. टोपलीत हात घातला, तर फुलं थंडगार आणि दहिवरानं भिजलेली. भर बाराला.

"माल ओला आहे, बाई. अर्धा किलो कापीन."

"काप ना. पण नाव पहिले लिव."

आपला नेम दुसऱ्याच्या तोंडून ऐकून त्यांना हसू आलं. "सांगा."

"सोमारी. सोमवारी जन्मली म्हून सोमारी."

"कोणाच्या घरची?"

"पत्रूच्या."

काटा चार किलोवर थांबला. त्यांनी लिहिलं, सोमारी, मोहफूल, चार किलो. खिशात हात घातला तर ती म्हणाली, "पैसे नाई पाह्यजे. घरी नाव सांगजो... तेवढंच."

पोत्याचं तोंड बांधायला ते वाकले. सुतळीची एक गाठ मारून उठले, तर समोर कोणी नव्हतं. त्या पाचोळ्यातून खार गेली तरी आवाज झाला असता. जंगलाची माणसं हलकी चालतात, असं स्वतःला समजावत त्यांनी वही शर्टाच्या खिशात घातली, वर बटण लावलं आणि गाडी जरा जोरातच काढली.

पत्रूभाऊच्या अंगणात माणसं होती, पण बोलणं नव्हतं. गावची आशाताई ललिता धावतच गाडीजवळ आली.

"देवासारखे आले, काका. दिनेशची पोरगी कालपासून दूध घेऊन नाई राह्यली. फोनले रेंज नाई, आताच दवाखान्यात नेऊ."

दिनेश हा पत्रूभाऊचा मुलगा. त्याची बायको दीपिका ओसरीवर बसलेली, मांडीवर चार दिवसांचं लेकरू. रडायचं थांबलं होतं ते, आणि तेच वाईट होतं. ओठ सुकलेले, मान एका बाजूला. समोर पत्रूभाऊ पितळीतल्या पाण्यात तांदळाचे दोन दाणे सोडून बसला होता. त्या घरची रीत अशी की, लेकरू दूध घेत नसेल तर गेलेल्यांची नावं एकेक घ्यायची. ज्या नावावर दाणे एकमेकांना भिडतील, ते माणूस परत आलं. त्याला ओळखलं नाही म्हणून ते रुसलेलं.

"बाबा, उठा आता. दोनदा झाली सारी नावं," दिनेश म्हणाला.

"तीन पिढ्या घेतल्या रे." म्हाताऱ्याचा आवाज फाटला. "दाणे हालूनच नाई राह्यले."

गुणवंतराव अंगणातच घुटमळले. अशा वेळी मालाचं काय बोलावं? पण निरोप तो निरोप. ते पायरीवर टेकले आणि हळूच म्हणाले, "पत्रूभाऊ, रस्त्यात तुमच्या घरची बाई भेटली. चार किलो मोह देल्ला तिनं. सोमारी."

पत्रूभाऊनं मान वर केली नाही. तो पितळीत पाहत होता. वाऱ्याची झुळूक नव्हती, तरी दोन्ही दाणे सरकले, सावकाश, आणि एकमेकांना चिकटले.

"बाबा..." दीपिकानं श्वास आवरला. "पीत आहे."

खरंच पीत होती. चुरूचुरू आवाज साऱ्या ओसरीला ऐकू आला. ललितानं डोळे पुसले आणि मग दिनेशला दटावलं, "पेली तरी दवाखान्यात नेऊच. उभा काऊन आहेस? चादर आण."

पत्रूभाऊ पितळी बाजूला सारून बोलला. "मोठी बहीण होती माही. मोह वेचाले गेली अन वाघानं नेली. पन्नास वर्षं झाली. वाघानं नेलेल्याचं नाव पितरांत घेत नाई आमी. तिच्या नावाचा दगडही नाई मांडला. अन पोरगी बेस्तरवारची, तं सोमारी हे नाव कोणाच्या मनातही नाई आलं."

"आता ठेवा," गुणवंतराव म्हणाले.

"ठेवलंच, भाऊ. तूच तं आणलं."

दवाखान्यात पोरगी तपासून घेतली. सारं ठीक निघालं. परतीच्या वाटेवर दिनेश गाणं गुणगुणत होता. चैत्रात जन्मलेली, गुरुवारची सोमारी आज तीन वर्षांची आहे आणि कोंबड्यांमागं धावते.

त्या दिवशी घरी आल्यावर मात्र गुणवंतरावांना राहवेना. माळ्यावरून वडिलांच्या जुन्या वह्या काढल्या. दर चैत्राच्या पहिल्या पानावर ती होती. एका दिवाणजीनं लिहिलेली सोमारी, दुसऱ्यानं सोमरी, कुठं सुमारी, वडिलांच्या मोडीवळणी अक्षरात सोमारीबाई. जसं ज्याला ऐकू आलं तसं. प्रत्येक साली मोहफूल, चार किलो. आणि प्रत्येक साली अंगठ्याचा रकाना कोरा.

मग त्यांनी खिशाचं बटण काढून त्या दिवसाची वही उघडली. दिवसभरात ती कोणाच्या हाती गेली नव्हती. सोमारी, मोहफूल, चार किलो. शेवटच्या रकान्यात अंगठा होता. शाईचा नव्हे, मोहाच्या रसाचा, अजून ओला. आणि केवढा? तांदळाच्या दाण्याएवढा.

ती वही गुणवंतरावांनी मला दाखवली आहे. तुम्ही माझ्यावर भरवसा ठेवा की नका ठेवू, एवढी विनंती ऐका. ज्याचा माल, त्याचं नाव लिहा, आणि कोणाचंही नाव गाळू नका. हिशेब खरा ठेवा. तपासायला येणारं माणूस नेहमी दारातूनच येतं, असं नाही.