आपाचा वाटा

कानातल्या नळीत पहिला ठोका ऐकू आला तेव्हा पारा दोनशे वीसवर होता, आणि बुरुलचं स्वतःचं काळीज लक्कन हललं. तिने पट्टा सोडला, पुन्हा बांधला, पुन्हा हवा भरली... तेच! नारिनच्या डोंगरांतल्या खेड्यापाड्यांतून बारा वर्षं कधी घोड्यावर, कधी खटारा जीपमध्ये हिंडून तिने हजारोंच्या दंडाला हा पट्टा बांधला होता. ‘घाबरू नका, वेळेत कळलं की हृदय वाचतं’ असं त्यांना समजावलं होतं. आणि आज तिची सासू काल्यचा छातीवर मूठ दाबून घामेजून बसली असताना हृदयाची डॉक्टर म्हणवणाऱ्या त्या बाईचा आपल्याच कानांवर विश्वास बसेना.

तिने सासूच्या जिभेखाली गोळी ठेवली आणि इस्पितळात फोन केला. गाडीला घाट चढून यायला अर्धा तास लागणार होता. अर्ध्या तासात काय काय होऊ शकतं हे तिच्याइतकं त्या घरात कोणालाच ठाऊक नव्हतं.

“एने,” ती सासूला म्हणाली, “रोजच्या गोळ्या घेता ना?”

“घेते की. तू देतेस, मग काय कोंबड्यांना घालते?”

चहाचा वाडगा घेऊन आत आलेली आयझिरेक दारातच थबकली. बावीस वर्षांची ही पोर बुरुलच्या पोटची. पण पहिलं मूल आजी-आजोबांचं, या रीतीने ती काल्यचाच्या मांडीवर वाढली. आजीला ती ‘आपा’ म्हणायची, म्हणजे आई. आणि जिने जन्म दिला तिला ‘जेने’, वहिनी! मोठी झाल्यावर खरं नातं कळलं, तेव्हा तिने आपल्या मनाशी एकच हिशेब मांडला, की हिला डॉक्टर व्हायचं होतं म्हणून हिने मला टाकलं. बुरुलने तो कधी खोडला नाही... खोडला असता तर म्हातारीच्या पदरात काय उरलं असतं?

“जेने, अख्ख्या डोंगराचा रक्तदाब मोजत फिरलात,” आयझिरेक म्हणाली. “दिव्याखालीच अंधार. आपाला काही झालं तर मी तुमचं तोंड पाहणार नाही.”

बुरुलने सासूची नाडी धरली. ही जगली नाही तर एकाच दिवशी सासूही जाईल आणि लेकही, कायमची.

“गोळ्यांचा डबा आण,” ती एवढंच म्हणाली.

डब्यात गोळ्यांची पाकिटं नव्हतीच. होत्या कापडाच्या चिंध्यांत बांधलेल्या लहान लहान पुरचुंड्या, आणि प्रत्येकीत सुरीने कापलेल्या गोळीचे चतकोर तुकडे.

“हे काय, एने?”

काल्यचाने नजर चुकवली. “निळी चिंधी तोक्तोबूबूची. ठिपक्यांची तिच्या जावेची. वरच्या वस्तीतल्या गुराखी बायका गं. त्यांची नावं तुझ्या फुकट औषधांच्या यादीत नाहीत, म्हणून त्यांना मिळत नाहीत. मोठ्या माणसाच्या ताटातला घास, केशिक, चार जणांत वाटावा. एकट्याने खाल्ला तर अंगी लागतो का? तुझी गोळी म्हणजे माझा केशिकच.”

बुरुलने एक पुरचुंडी तळहातावर सोडली. गरीब-श्रीमंत सर्वांचं हृदय सारखं, हे तिने किती सभांमधून सांगितलं होतं... आणि उन्हाळाभर कुरणावर राहणाऱ्या त्या बायका तिच्याच यादीतून सुटल्या होत्या! इतके दिवस हिने स्वतःचं औषध वाटलं होतं, आणि चतकोराने ना त्यांचं भागलं, ना हिचं.

“चुकलं माझं, एने. यादी माझी होती.”

“तुझं एक चुकलं, माझं मोठं.” काल्यचाने धाप लागत असतानाही आयझिरेकचा हात ओढून घेतला. “ऐक पोरी. गोळ्या वाटल्या, पण एक घास मी बावीस वर्षं एकटीनेच खाल्ला. हिने तुला टाकलं नाही. तुझे चाळीस दिवस भरले आणि मी तुला हिच्या मांडीवरून उचललं. सून होती, नाही कशी म्हणणार? पान्ह्याने हिचा सदरा भिजला होता... मी पाहिलं, आणि तोंड फिरवलं. शिकायला तर ही त्यानंतर गेली, रिकाम्या घरात जीव लागेना म्हणून. तुझा गैरसमज झाला तेव्हा मी गप्प बसले. म्हटलं, बरंच आहे, पोर माझ्याकडेच राहील.”

आयझिरेकने आजीचा हात सोडला आणि बुरुलकडे वळून पाहिलं. चहा निवून गेला होता.

“बोलू नका आता, एने,” बुरुल कशीबशी म्हणाली. तिने पुन्हा पट्टा बांधला, पण डोळे भरून आल्यामुळे तिला पाराच दिसेना, आणि हवेचा फुगा हातातून दोनदा निसटला. खालच्या वळणावर गाडीचा भोंगा वाजला. तेवढ्यात तिच्या हातावर दुसरा हात आला.

“आपा, तुझे हात कापतायत. दे इकडे, हवा मी भरते.”

दोघींनीही मान वर केली.

“ओ दे की,” काल्यचा डोळे मिटून घेत बुरुलला म्हणाली, “तुला हाक मारतेय ती.”