कडेची खोली

जुने व्हिडिओ गेम नव्या कॉम्प्युटरवर चालते करून देणं हा माझा धंदा. नवरा चारचौघांत सांगतो, "आमची ही दिवसभर गेम खेळते आणि वर त्याचे पैसे घेते." सांगू दे. जुन्या घड्याळांची दुरुस्ती करणाऱ्याला कोणी असं म्हणत नाही, पण असो.

काम करताना मी गेम कधीच फुलस्क्रीन लावत नाही. फुलस्क्रीन लावला की तो अख्खा कॉम्प्युटर बळकावून बसतो आणि मध्येच अडकला तर बाहेर पडायची पंचाईत. म्हणून विंडोमध्ये लावायचा. एका बाजूला गेम, दुसऱ्या बाजूला त्याचा कोड. शिवाय विंडोची कड माऊसने ओढून रुंद करता येते. जुने गेम चौकोनी स्क्रीनसाठी काढलेले असतात. रुंद केले की जे दिसायला नको ते दिसू लागतं. नाटकाच्या विंगेत पुढच्या प्रवेशाची मंडळी ताटकळत असतात ना, तशी पात्रं चित्राच्या कडेबाहेर उभी करून ठेवलेली असतात. नको झालेल्या खुर्च्या, अर्धवट भिंती, काहीही. गेम बनवणारे सगळेच हे करतात.

'लिफ्टमन' माझ्याकडे आला तेव्हा मी आधी नाहीच म्हणणार होते. तो माझ्या धाकट्या भावाने काढलेला गेम. सात मजली हॉटेल, एक म्हातारा लिफ्टवाला आणि सतत कुरकुर करणारे पाहुणे. त्यातली प्रत्येक भिंत, प्रत्येक पाहुण्याचं नाक धाकट्याच्या हातचं होतं. बाकी सगळं, म्हणजे पैसा, बोलणं आणि मिरवणं, त्याच्या मित्राकडे. घरातसुद्धा टोपी घालून बसायचा म्हणून त्याला सगळे कॅप्टन म्हणत. आमच्याकडे पडीक असायचा. मी त्याला कित्येकदा जेवायला वाढलं आहे.

गेम पुरा व्हायच्या आठवड्यात धाकटा स्टुडिओतल्या आपल्या खोलीत मेलेला सापडला. टेबलाशी नाही, दाराशी. हृदय बंद पडलं, असं डॉक्टर म्हणाले. कॅप्टन म्हणाला, मी दुपारीच निघालो होतो, मला वाटलं तोही गेला असेल. मग गेम बाजारात आला, धो धो चालला आणि त्यावर धाकट्याचं नाव कुठेच नव्हतं. कॅप्टन आमच्या दारात परत फिरकला नाही. आई हाय खाऊन गेली. मी मूग गिळून बसले, कारण माझ्या हातात काही नव्हतं. पण विसरले नव्हते. ज्याला मी वाढलं त्या माणसाचं वाईट व्हावं असं मला इतकी वर्षं रोज वाटत होतं, आणि ते सांगायला मला लाज वाटत नाही.

आता त्याच कॅप्टनच्या कंपनीला 'लिफ्टमन' नव्याने काढायचा होता. काम घेतलं ते दोन गोष्टींसाठी. धाकट्याचं नाव त्यावर घालून घ्यायचं, आणि त्या दिवशी काय झालं ते कॅप्टनच्या तोंडून काढायचं.

पहिले काही दिवस सगळं नेहमीसारखं होतं. एका सकाळी मी विंडोची उजवी कड ओढली तर हॉटेलच्या भिंतीपलीकडे एक खोली दिसली. लहानशी. टेबल, कॉम्प्युटर, खुर्ची, वरच्या अर्ध्या भागात धुरकट काच असलेलं दार. हॉटेलच्या खोल्यांत पलंग आणि आरसे होते, इथे तसलं काही नव्हतं. सावल्या मात्र डावीकडे पडलेल्या. धाकटा सगळ्या सावल्या डावीकडेच काढायचा, उजेड कुठूनही असला तरी.

मला हसू आलं. पठ्ठ्याने स्वतःची खोलीच काढून लपवली होती. डोळ्यांत पाणी पण आलं.

दुसऱ्या दिवशी त्या खोलीत माणूस होता. खुर्चीतून उठला, दाराशी गेला, दाराच्या मुठीवर हात ठेवला. मूठ खाली गेली नाही. तो परत येऊन बसला. मग छातीवर हात ठेवून पुन्हा उठला.

मी कोड तपासला. त्यात ही खोली नव्हती, हा माणूस नव्हता. चित्रांच्या फायली उघडल्या, त्यांतही नव्हता. गेमची ही प्रत धाकटा जिवंत असताना निघालेली होती, त्यानंतर तिला कोणी हात लावलेला नव्हता. मग दाराशी धडपडणारा हा माणूस त्यात आला कुठून? मी भुताखेतांवर विश्वास ठेवणाऱ्यांतली नाही. माझी काहीतरी चूक होते आहे असं धरून मी गेम पहिल्यापासून पुन्हा बसवला. कड ओढली. तो दाराशीच होता.

या वेळी काचेपलीकडे कोणीतरी उभं होतं. धुरकट काचेत चेहरा कळत नव्हता. टोपी कळत होती.

माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली.

रविवारी दुपारी मी घरी काम करत बसले होते. घाईत भलतीच बटणं दाबली गेली आणि गेम फुलस्क्रीन झाला. हॉटेल स्क्रीनभर पसरलं. कडेची खोली अर्थातच दिसेनाशी झाली. विंडोत परत यायला मी तीच बटणं दाबली. काही झालं नाही. कॉम्प्युटरचं बटण दाबून धरलं, तरी लिफ्टवाला आपला वर खाली करतच राहिला. मोबाइल काळा पडलेला. डोक्यावरचा पंखा फिरत होता, पण त्याचा आवाज येत नव्हता.

मी उठून दाराशी गेले. मूठ खाली जाईना.

मी हाका मारल्या, दार बडवलं. नवरा पलीकडेच कांदा चिरत बसला होता, हे मला माहीत होतं. छातीवर कोणीतरी बसल्यासारखं झालं. किती वेळ गेला सांगता येणार नाही. मग दार अलगद उघडलं आणि सुरी हातात घेऊन नवरा आत डोकावला.

"अगं, जेवायचं नाही का? कधीचा हाका मारतोय."

"दार कोणी लावलं होतं?"

"कुठे लावलं होतं? नुसतं ढकललं मी."

मागे वळून पाहिलं तर गेम विंडोत परत आलेला होता. गुपचूप, शहाण्या मुलासारखा.

मी पुन्हा करून पाहिलं. या वेळी नवऱ्याला बाहेर खुर्ची टाकून बसवलं आणि थोड्या वेळाने उघड म्हणून सांगितलं. तो कुरकुरला, पण बसला. पुन्हा तेच. आत मी गुदमरत होते, आणि त्याने बाहेरून एका बोटाने दार उघडलं. विंडोमध्ये मात्र कितीही वेळ चालवा, काही होत नव्हतं. नवरा म्हणाला, हे काम सोड. मी हो म्हटलं आणि दुसऱ्या दिवशी लॅपटॉप घेऊन कॅप्टनच्या ऑफिसात गेले.

जेवणाची सुट्टी होती. सगळे डबे घेऊन कँटीनमध्ये गेलेले. कॅप्टनची केबिन बोळाच्या टोकाला. टोपी अजून तीच, खालचा माणूस सुटला होता.

"ये ताई. दाखव आपला म्हातारा कसा दिसतोय नव्या कपड्यांत."

मी त्याच्या भिंतीवरच्या मोठ्या स्क्रीनला लॅपटॉप जोडून गेम विंडोत सुरू केला. त्याने तोंड वाकडं केलं.

"हे काय? खिडकीतून डोकावल्यासारखं! बॉसपासून लपून खेळणारे असं खेळतात. पूर्ण लाव."

"विंडोमध्येच चालव," मी म्हटलं. "माझं ऐक."

हे मी खरंच म्हटलं होतं. मग मी कड ओढली.

तो बघत राहिला. खोलीतला माणूस उठला, दाराशी गेला. काचेत टोपी आली. कॅप्टनचा हात आपोआप डोक्याकडे गेला.

"हे तू काढलंस?"

"मला सरळ रेघ काढता येत नाही, तुला माहीत आहे. त्या दिवशी काय झालं?"

तो बोलला तेव्हा आवाज खाली गेला होता.

"तोच म्हणाला होता, ताई. मला कोंडून ठेव, नाहीतर शेवटचा मजला काही व्हायचा नाही. हसत म्हणाला होता. मी कुलूप लावलं. फोनही काढून घेतला. मग त्याने दार बडवायला सुरुवात केली. छातीत दुखतंय म्हणाला. मला वाटलं, नाटकं करतोय, काम टाळतोय. कुलूप निखळेल म्हणून मी बाहेरून मूठ धरून ठेवली. मग तो गप्प झाला. मला वाटलं, बसला कामाला."

"आणि तू घरी गेलास."

"सकाळी लवकर येऊन कुलूप काढलं."

खोलीतला माणूस पुन्हा छातीवर हात ठेवून उठला. कॅप्टनने मान दुसरीकडे वळवली. त्याने डोळे पुसले असते तर, दोन शब्द धड बोलला असता तर, पुढचं कदाचित झालं नसतं. त्याने घसा खाकरला आणि त्याचा ऑफिसातला आवाज परत आला.

"जाऊ दे ना. आता उकरून काय मिळणार? शेवटी आभारात त्याचं नाव टाकू, बस? आणि हे कडेचं कापून टाक. फुलस्क्रीन लाव, नीट बघू दे."

आभारात.

"लावते," मी म्हटलं.

मी बटणं दाबली. हॉटेल भिंतभर पसरलं. कडेची खोली गेली आणि कॅप्टन खुर्चीत सैलावला. मी म्हटलं, तू खेळ, मी चहा घेऊन येते. बाहेर येऊन दार लावून घेतलं.

बोळात कोणी नव्हतं. केबिनच्या दाराला वर धुरकट काच होती.

थोड्या वेळाने मूठ हलली.

आवाज काहीच आला नाही. काचेवर तळवा उमटला, मग दुसरा. टोपी पडली असावी, टक्कल दिसलं. तोंड उघडं होतं आणि काचेला लागलेलं होतं.

मी मुठीवर हात ठेवला. बाहेरून एका बोटाने उघडतं, हे मला माहीत होतं.

मी उघडलं नाही. मी एवढंच केलं.

मूठ माझ्या हाताखाली थरथरली.

मग थांबली.

मी कँटीनमध्ये जाऊन चहा घेतला. बरा होता, साखर जरा जास्त. सुट्टी संपल्यावर रिसेप्शनवरची मुलगी सही घ्यायला केबिनमध्ये गेली आणि तिची किंकाळी आली. हृदय, असं डॉक्टर म्हणाले. कामाचा ताण. मी सगळ्यांबरोबर उभी राहिले, मुलीला पाणी दिलं. त्या रात्री मला कित्येक वर्षांत लागली नव्हती अशी झोप लागली.

कंपनीच्या नव्या मंडळींना जुनं काही माहीत नव्हतं. गेम कोणाचा म्हणून लिहायचं, असं त्यांनी मलाच विचारलं. आता 'लिफ्टमन' उघडला की पहिल्यांदा धाकट्याचं नाव येतं, एकट्याचं. फुलस्क्रीन मी काढून टाकला आहे. लोक चिडून तक्रारी करतात की हा कसला गेम, विंडोमध्येच चालतो. चिडू देत.

एवढं सगळं झाल्यावर धाकट्याला एकदा बघावं असं वाटलं. तो सुटला असेल, खुर्ची रिकामी असेल, असं मी मनाशी धरलं होतं. गेम लावून मी कड ओढली.

खोली आता बाहेरून काढलेली होती. बोळ, धुरकट काचेचं दार, आणि दाराशी एक बाई. सावली डावीकडे. नाक धाकटा नेहमी माझं काढायचा तसं, जरा मोठंच.

नवरा चहाचा कप घेऊन मागे येऊन उभा राहिला.

"ही तूच की गं. हुबेहूब. पण एवढं काय ओढतेयस?"

चित्रातल्या बाईने मूठ दोन्ही हातांनी धरली होती. एक पाय चौकटीला रोवला होता आणि सगळं अंग मागे टाकलं होतं. काचेपलीकडून कोणीतरी दार उघडायला बघत होतं, आणि दरवेळी ते बोटभर उघडत होतं. दरवेळी ती ते ओढून पुन्हा लावत होती.

"दार अडकलं असेल," मी म्हटलं आणि गेम बंद केला.

माझा उजवा खांदा ऑफिसातल्या त्या दुपारपासून दुखतो आहे. परवा हाडांच्या डॉक्टरांकडे गेले. त्यांनी हात वर करायला लावला, मागे वळवायला लावला, आणि विचारलं, इतक्यात काही जोर लावून ओढलं होतं का?

मी नाही म्हणाले.