दारातली पाठमोरी

बोटीवरून घरी आलेल्या माणसाने आधी आईच्या पाया पडावं. ठमाबाईच्या गुणाजीने आधी खिळा आणि हातोडी मागितली.

आणि माजघराच्या भिंतीवर हातभर लांब फोटो ठोकला.

बाईचा. तीही परदेशातली.

हे ज्याला खोटं वाटेल त्याने पूर्णगडला यावं, घर अजून उभं आहे. साल १९८६, महिना भाद्रपद.

"ही कोण रे?"

"जपानची नटी, आये. तिथलं जुनं थेटर मोडत होते, म्हाताऱ्या मालकाने दिला."

फोटोतली बाई एका दारात उभी होती. फिकट पायघोळ कपडा, मागे अंबाडा. समोर बघून हसत होती.

गुणाजी जेवता जेवता सांगत सुटला. लढाईत तिचं घर जळलं. पोरवयातच ती सिनेमात आली. आधी लेकीची कामं केली, मग वर्षानुवर्षं नवरीची. खरं लग्न मात्र कधी केलं नाही. वय झालं तशी आईची कामं मिळाली. आणि शेवटी... भुताचे सिनेमे. त्यात ती नुसती दारात पाठमोरी उभी राहायची. तोंड बघायला मिळेल म्हणून लोक तिकीट काढायचे. ती वळायचीच नाही. एक दिवस शूटिंग चालू असताना त्या दारातूनच निघून गेली.

"कुठे गेली?"

"ते कुणालाच नाय ठाऊक."

"बाकीचं बरं तुला सगळं ठाऊक, मेल्या," ठमाबाई म्हणाली.

सून आवडा ताटावरून उठली. आतून ट्रंक ओढल्याचा आवाज आला. पावसला माहेरी निघायची तयारी.

नवऱ्याने परदेशात बाई ठेवली म्हणून सून गेली, असं गावभर झालं असतं. ठमाबाईने सुनेला चार दिवस थांबवून घेतलं आणि फोटोवर नजर ठेवायचं ठरवलं.

दुसऱ्या दिवशी बघते तर...

बाई हसत नव्हती. मान खाली. बोहल्यावरच्या नवरीसारखी.

त्याच्या दुसऱ्या दिवशी चेहरा अर्धा फिरलेला.

"चार-चार फोटो आणलेत आणि रोज बदलतोय," ठमाबाई पुटपुटली. गुणाजी रत्नागिरीला गेल्यावर तिने फोटो उतरवला, मागचा पुठ्ठा सोडवला.

आत एकच कागद.

तिने तो परत लावला.

त्याच संध्याकाळी ती दिवा लावायला निघाली. रोज या वेळी खाडीवरून होडीवाल्यांची बोलणी ऐकू येतात.

त्या दिवशी नाही.

कोंबड्याही गप्प...

पुढच्या दारात आवडा उभी होती. पाठमोरी. विटकं लुगडं, अंबाडा. निघाली वाटतं, न सांगता.

ठमाबाईला राग आला. तिन्हीसांजेला घरच्या सुनेने उंबऱ्यात उभं राहायचं नसतं, लक्ष्मी यायची वेळ ती.

"आत ये गो," ती म्हणाली. "दिवेलागणीला दार अडवू नको."

ती वळली नाही.

पाठमोरीच... एक पाऊल आत आली.

"आये, कुणाला बोलवताय?"

आवाज मागून आला. परसदारी आवडा उभी होती, कमरेवर पाण्याची कळशी.

ठमाबाईने पुन्हा पुढे पाहिलं. दार मोकळं.

माजघरात गेली. फोटोतलं दार तसंच होतं. बाई नव्हती.

गुणाजी अंधार पडता पडता परतला. ठमाबाई दिवा घेऊन दारात उभी.

"थांब. आधी तोंड दाखव."

"काय झालं, आये?"

तिने दिवा त्याच्या चेहऱ्याजवळ धरला, नीट पाहिलं, मगच बाजूला झाली.

"ती तुझी बाई नव्हे, हे मला पटलं. आवडा कुठे जायची नाय. पण आणलीस तू, आणि आत ये म्हटलं मी, तेव्हा ती आता या घरची. आजपासून इथे पाठमोऱ्या माणसाला कुणी हाक मारायची नाय, गुणाजी. बायकोला पण नाय. मला पण नाय."