राखमणीची चव

औशाच्या बाहेर, लातूरच्या रस्त्याला, एक होता बसलिंगप्पा आणि एक होती त्याची बायको सिद्धम्मा. पाटे-वरवंटे घडवायचा त्यांचा धंदा. तो दगड फोडायचा, ती पाट्यांना छिन्नीनं टाकी लावून खरबरीत करायची. लग्नाला बारा वर्षं झाली तरी पाळणा हलला नव्हता. ते एक सोडलं तर घरात रडायसारखं काही नव्हतं.

सिद्धम्माचा कान लई तयार. बोटाचं पेर दगडावर वाजवायची आणि सांगायची, हा आतून चिरलाय, हा अजून ओला हाय. बसलिंगप्पाची रीत वेगळी. तो दगडाला जीभ लावायचा. थुंकी लागली की नस उघडी पडते, घण कुठं घालायचा ते कळतं. त्याचा बाप तसंच करायचा, आजाही तसंच.

मग एक कंपनी आली. कुठल्याशा लांबच्या ग्रहाभोवती एक चांद फिरतो, आपला नव्हे, दुसराच. त्याच्या पोटात एक खनिज सापडलं होतं. कागदावर त्याचं नाव हातभर लांब. आपल्याकडची माणसं त्याला राखमणी म्हणायची, कारण वरून चुलीतली राख आणि आत निखारा. दगडाची पारख असलेले लोक पाहिजे होते. बसलिंगप्पा गेला, तो चार वर्षांनी आला.

निघताना तिथं सगळ्यांची झडती झाली. खिसे उलटे केले, नखं खरवडली, केस भादरले. राखमणीचा कणसुद्धा बाहेर जाऊ द्यायचा नाही, असा कायदा. तोंड मात्र कुणी उघडायला लावलं नाही.

तो आला त्या दिवशी शेजारची सरजाबाई कुंपणावरून ओरडली, "काय गं सिद्धम्मा, नवरा आलाय का पाव्हणा? पदर सावरून राहिलीस की!"

सिद्धम्मा हसली. माणूस तोच होता. शेळी कोणत्या साली घेतली ते त्याला आठवत होतं, दोन भाकरी खाऊन तिसरी अर्धी मागायची खोडही तीच. फक्त त्याची बाज. संध्याकाळी सिद्धम्मा ती भिंतीला लावून टाकायची. सकाळी बघावं तर बाज तिरकी झालेली, डोकं अंगणाच्या त्याच एका कोपऱ्याकडं, जिथं पाटे उभे असायचे. ती रोज सरळ करायची. पाचव्या दिवशी जमिनीवर पायांचे चरे दिसले. बाज ओढली नव्हती कुणी. ती सरकली होती, थोडी थोडी, रात्रभर.

त्याच दिवशी फोन आला. सोमवारी कंपनीची माणसं तपासायला येणार.

"आधी बायकोला विचारतेत," बसलिंगप्पा म्हणाला. "माणूस तोच हाय का म्हून. ती न्हाई म्हणली की परत नेतेत. मग सोडत न्हाईत."

सिद्धम्मा भाकरी थापत होती. हात थांबले.

"तुमी तिथं... जीभ लावली व्हती का त्याला?"

"एकदाच. नस दिसंना."

"कशी व्हती चव?"

त्यानं ओठांवरून जीभ फिरवली. "घरची," म्हणाला.

रविवारी दुपारी तो जेवून अंगणात कडुनिंबाखाली आडवा झाला. ऊन असं की रस्त्यावर कुत्रं नव्हतं. सिद्धम्मा त्याच्याजवळ बसली. टाकी लावायचे सहा पाटे समोर भिंतीला टेकून उभे होते. तिनं बोट वाकवलं आणि त्याच्या गुडघ्याच्या वाटीवर पेर वाजवलं. सवयीनं, पाट्यावर वाजवावं तसं.

आवाज आला तो हाडाचा नव्हता. आयुष्यात तिनं हजारो दगड वाजवले होते. प्रत्येकात कुठंतरी बारीक का होईना, खोट असतेच. यात नव्हती. आवाज गेला तो गेलाच, थांबेना. मग भिंतीला टेकलेले सहाही पाटे एकामागून एक त्याच सुरात वाजले. त्यांना कुणी हात लावला नव्हता.

त्याचे डोळे मिटलेलेच होते.

"काय निघालं... सिद्धे?"

तिनं पदरानं त्याच्या कपाळावरचा घाम पुसला. घाम गार होता, पण खारट वास ओळखीचा.

"खोट न्हाई," ती म्हणाली.

सोमवारी कंपनीची माणसं आली. मशीन लावली, मशीनला काही दिसलं नाही. मग साहेबानं तिला बाजूला घेऊन विचारलं. सिद्धम्मा अंगणातल्या पाट्यांकडं बघत होती.

"माजाच माणूस हाय," ती म्हणाली. "चार वर्सं वाट बघितली मी. मला कळत न्हाई का?"

साहेबानं अंगठा घेतला आणि गाडी लातूरकडं गेली.

पुढं वर्षाच्या आत सिद्धम्माची कूस उजवली. मुलगी झाली, गोरी, गुटगुटीत, अंगावर तीळसुद्धा नाही. सरजाबाईनं गल्लीभर पेढे वाटले. बसलिंगप्पानं दारात नवा पाळणा टांगला. ज्या घरानं सोळा-सतरा वर्षं वाट बघितली त्या घराला असं सुख लाभलं. ऐकणाऱ्यांच्याही घरी लाभो.

मुलीला सिद्धम्मानं अजून बोट वाजवून बघितलेलं नाही. गरज पडत नाही. पोर भुकेनं उठायची झाली की अंगणातले पाटे आधी वाजतात. रडणं मागून येतं.