अर्धं पाऊल मागे

दुपारचा डबा खाऊन झाला, तशी पाऊलवाली वडिलांच्या बुटांत चिंध्या कोंबायला बसली. बूट तिच्या पायांना चांगलेच मोठे होते आणि चिंध्या कोंबल्याशिवाय ते पायांत टिकत नसत.

पडद्यावरचा माणूस चालतो तेव्हा त्याचे बूट वाजतात खरे, पण चालत असतं भलतंच कुणीतरी. चित्रीकरण उरकल्यावर बंद खोलीत, पडद्याकडे डोळे लावून, कुणाला तरी त्याच्या वाट्याचं चालावं लागतं. स्टुडिओत हे काम तिच्याकडे होतं, म्हणून ती पाऊलवाली. खोलीत जमिनीवर चौकोन होते. कुठे वाळू, कुठे खडी, कुठे फरशी, कुठे लाकडी फळ्या. हाड मोडायचं असलं की ती काकडी मोडायची, आणि काचेपलीकडे बसणारा ध्वनिमुद्रक ती नंतर मीठ लावून खायचा. त्याला सगळे कानसेन म्हणत. मुंगी शिंकली तरी याला ऐकू येतं, असा त्याचा लौकिक होता.

आज मात्र दोघांनाही काकडी सुचत नव्हती. मॅनेजरने सांगून टाकलं होतं की तयार आवाज हल्ली विकत मिळतात, ते संगणकात भरले की झालं, ही खोली पाडून इथे कचेरी करू. नवी मालिका करणारी दिग्दर्शिका त्याच्याशी भांडली आणि तिने एवढंच पदरात पाडून घेतलं की पहिल्या भागाचा शेवट पाऊलवालीने करायचा. तो जमला तर खोली राहील, नाही तर भिंतींवर घण.

मालिका होती एका जुन्या, घरोघरी वाचल्या गेलेल्या गुप्तहेराच्या कथांवरची. टीव्ही कृष्णधवल होता त्या काळात या कथा एकदा पडद्यावर येऊन गेल्या होत्या. तेव्हा गुप्तहेराची पावलं वाजवली होती ती पाऊलवालीच्या वडिलांनी. मालिका लागली की रस्ते ओस पडत. मग एके दिवशी टेपांच्या खोलीला आग लागली आणि एकही भाग उरला नाही. वडील ओले बूट त्याच खोलीतल्या विजेच्या शेगडीवर वाळवायचे. शेगडी चालू ठेवून हाच घरी गेला, असं ठरलं. मी बंद केली होती, असं ते सांगत राहिले, पण ऐकतो कोण? नोकरी गेली. गुप्तहेराला जाळणारा माणूस, ही ओळख तेवढी मागे राहिली. लेक त्याच इमारतीत कामाला लागली, तेव्हा तिलाही ती पहिल्याच दिवशी ऐकवली गेली होती. तिला ते अजून लागायचं.

सकाळी निघताना तिने बाबांना विचारलं होतं की गुप्तहेराची चाल नेमकी कशी होती.

"एक पाय ठाम, दुसरा जरा घासत," ते म्हणाले. "आणि मागे वळून बघू नकोस. बघितलंस की चाल मोडते."

धंद्यातली खुबी असेल, असं तिला वाटलं.

प्रसंग असा होता: खुनी बंद खोलीत बसलेला. गुप्तहेर पडद्यावर दिसतच नाही. नुसती त्याची पावलं बोळातून येतात, दाराशी थांबतात, आणि खुनी आपणहून सगळं ओकतो. म्हणजे सगळा भार पावलांवर. सकाळपासून ती चालत होती आणि सकाळपासून ते कुणीतरी दूध घ्यायला निघाल्यासारखं वाजत होतं.

तिने नाड्या आवळल्या आणि फळ्यांवर उभी राहिली. दिवा लाल झाला. ठाम... घासत. ठाम... घासत.

चौथ्या-पाचव्या पावलाला तिला मागून आवाज आला. तिच्याच पावलासारखा, फक्त अर्धं पाऊल उशिरा.

ती थांबली. मागचं पाऊल आणखी एक पुढे आलं, आणि मग थांबलं. त्या बिनवाऱ्याच्या खोलीत ओल्या कातड्याचा वास दरवळला. ऊब लागलेल्या ओल्या कातड्याचा. काचेपलीकडे कानसेनने कानांवरचे हेडफोन हळूच उतरवून टेबलावर ठेवले होते आणि त्याच्या चेहऱ्यावर रक्ताचा थेंब नव्हता.

"कोण आहे... आत?" त्याने माइकवर विचारलं.

"मी आहे," ती म्हणाली. आवाज तिला स्वतःचाच वाटेना. "तू मुद्रण चालू ठेव..."

दार चार हातांवर होतं. पळून जावंसं तिला फार वाटलं. पण पळाली असती तर खोलीही गेली असती आणि बाबांचं उरलंसुरलं नावही. भुताला घाबरायला आयुष्य पडलंय, असं तिने स्वतःला बजावलं आणि मान ताठ ठेवून ती चालू लागली. मागचा चालू लागला. त्याचा ताल कानांत घेऊन ती पाऊल टाकत गेली, आणि पहिल्यांदाच चाल तिच्या पायांत बसली. प्रसंगातल्या दाराशी पोचल्यावर ती थांबली.

मुद्रण ऐकलं तर त्यावर फक्त तिची पावलं होती. मागची कुठेच नव्हती. कानसेनने तीनदा ऐकलं आणि मग हात जोडले.

दुसऱ्या दिवशी स्टुडिओच्या छोट्या दालनात भाग दाखवला गेला. मालक होते, दिग्दर्शिका होती, पुढच्या रांगेत पाय पसरून मॅनेजर होता. शेवटचा प्रसंग आला. बोळातून पावलं आली आणि मालकांनी नकळत दाराकडे बघितलं. दिग्दर्शिकेने पाऊलवालीचा हात घट्ट धरला.

पडद्यावरची पावलं दाराशी थांबली.

दालनातली थांबली नाहीत. मधल्या वाटेने, ठाम... घासत, ती मागून पुढे आली. ओल्या कातड्याचा वास सगळ्यांना आला. मॅनेजरच्या खुर्चीमागे पावलं थांबली. त्याने पसरलेले पाय आखडून घेतले. मागे काही त्याने बघितलं नाही.

"सिगारेट माझी होती," तो हळूच म्हणाला. "शेगडी... बंदच होती."

मग त्याला थांबवणं कुणालाच जमलं नाही. तेव्हा तो टेपांच्या खोलीत नवखा मदतनीस होता. पेटती सिगारेट टाकून तो बाहेर पडला होता, आणि शेगडीचं नाव पहिल्यांदा त्यानेच घेतलं होतं. ऐकता ऐकता पाऊलवाली ढसाढसा रडली, आणि रडतानाच तिला इतका आनंद झाला की तो कुठे ठेवावा ते कळेना.

मालक स्वतः घरी आले आणि त्यांनी बाबांची माफी मागितली. बाबा म्हणाले, माफी राहू दे, गाडी पाठवा, मला माझी खोली बघायची आहे. ते आले त्या दिवशी सगळा स्टुडिओ बोळात उभा राहून टाळ्या वाजवत होता. बाबांनी हात वर करून सगळ्यांना गप्प केलं. पावलं ऐकू येत नाहीत, म्हणाले. मग काठी बाजूला ठेवून त्यांनी लाकडी चौकोनावर एक पाय ठाम ठेवला आणि लेकीकडे बघून ते तोंड भरून हसले. त्यांना असं हसताना तिने लहानपणानंतर पहिल्यांदाच बघितलं.

पहिला भाग लागला त्या संध्याकाळी दोघं घरी टीव्हीसमोर बसली. नामावलीत आधी बाबांचं नाव आलं, मग तिचं. खोली राहिली होती, सगळ्या मालिकेची पावलं आता तीच वाजवणार होती. शेवटी बोळातली पावलं आली, दाराशी थांबली, आणि बाबांनी मांडीवर थाप मारली.

तेवढ्यात बाहेर जिन्यात पावलं वाजली. ठाम... घासत.

बाबांनी टीव्हीचा आवाज कमी केला.

"बाबा... तो कोण आहे?"

"मी कधी वळून बघितलं नाही."

"पण तो तर गोष्टीतला. तो कधी नव्हताच."

"ते त्याला कुणी सांगितलेलं दिसत नाही," बाबा म्हणाले, आणि त्यांनी तिच्या हातावर हात ठेवला.

पावलं त्यांच्या दारावरून पुढे गेली. जिना चढून वरच्या मजल्यावर कुणाच्या तरी दाराशी थांबली. वरही टीव्ही चालू होता, तो एकदम बंद झाला.

दार उघडल्याचा आवाज आला नाही. थोड्या वेळाने बंद दाराआडून एक माणूस हळूहळू बोलू लागला, आणि बराच वेळ बोलत राहिला.